महाघोरपड, संख्या एक

सरकारी फॉर्ममधला एकही रकाना रिकामा सोडायचा नाही, हे हेडक्लार्कांच्या आयुष्याचं तत्त्व होतं. माणसं कशाकशासाठी जगतात. कुणी मुलांसाठी, कुणी नावासाठी, कुणी नुसतंच सवयीने. पाणीपुरवठा खात्यातल्या या आपल्या हेडक्लार्कांनी एकतीस वर्षं रकाने भरले. लिहिण्यासारखं काही नसेल तर तिथे 'निरंक' लिहावं, म्हणजे मागाहून कुणाला त्यात काही घुसडता येत नाही, असं ते प्रत्येक नव्या कारकुनाला पहिल्याच दिवशी बजावत. हा शब्द त्यांनी इतक्या वेळा लिहिला होता की झोपेत हातात पेन दिलं असतं तरी तो वळणदार उमटला असता. असा माणूस आयुष्यात एकदाच 'निरंक' लिहायला कचरला, आणि पुढचं सगळं रामायण तिथून सुरू झालं.

पण त्याआधी महाघोरपड म्हणजे काय भानगड आहे, ते सांगायला हवं.

सोळा वर्षांपूर्वी त्यांच्या इमारतीकडे येणारा पाण्याचा पाइप गच्चीवर टाकीच्या तोंडाशीच गळत होता. रहिवाशांनी अर्जांमागून अर्ज केले. ते अर्ज खात्यात हेडक्लार्कांच्याच टेबलावर येत, आणि तेही नियमाप्रमाणे 'योग्य त्या कार्यवाहीसाठी' असं लिहून वर पाठवत. वरून ते 'योग्य त्या कार्यवाहीसाठी' पुन्हा खाली येत. इमारतीचे सेक्रेटरी विमा कंपनीतून नुकतेच निवृत्त झाले होते आणि मुलीने त्यांना एक कॅमेरा भेट दिला होता. त्यांनी त्या गळतीचं बारा मिनिटं चित्रीकरण केलं. ते बघताना सेक्रेटरी स्वतःही दोनदा पेंगले. टाकीतून काहीतरी बाहेर आल्याशिवाय यात जान येणार नाही, असं त्यांना वाटलं, आणि टाकीत उतरायला त्यांनी इमारतीतला असा माणूस शोधला ज्याला 'नाही' म्हणता येत नाही. हेडक्लार्कांचा हा जुनाच आजार होता.

अंगाभोवती हिरवी ताडपत्री गुंडाळून हेडक्लार्क टाकीतून बाहेर आले आणि सांगितल्याप्रमाणे गुरगुरले. त्या फिल्मची एक प्रत मुख्य अभियंत्यांकडे गेली आणि आठ दिवसांत पाइप दुरुस्त झाला. पंधरा वर्षांच्या नोकरीत शेकडो अर्जांना जे जमलं नव्हतं ते एका ताडपत्रीने करून दाखवलं. हा महाघोरपडीचा पहिला भाग.

एकदा रक्ताची चटक लागली की वाघ थांबत नाही म्हणतात, सेक्रेटरीही थांबले नाहीत. दर वर्षी एक भाग निघू लागला. दुसऱ्या भागात पहिल्यातलंच सगळं होतं, फक्त घोरपड अधिक चिडलेली होती. तिसऱ्या भागापर्यंत इमारतीतल्या पोरांचा तिच्यावर इतका जीव जडला की तिला दुष्ट ठेवणं अवघड झालं, म्हणून ती चांगली झाली आणि तिने तळमजल्यावरच्या डॉक्टरांशी, म्हणजे गादीत गुंडाळलेल्या गादीदैत्याशी, झुंज घेतली. पाचव्यात तिला पिल्लू झालं. सातव्यात ती अंतराळात, म्हणजे शेजारच्या इमारतीच्या गच्चीवर गेली. अकराव्या भागात सेक्रेटरींनी जाहीर केलं की आधीचे दहा भाग घडलेच नाहीत असं समजायचं. पण ज्यांच्या जिन्यात ते घडले होते त्यांना हे पटेना. चौदाव्या भागात महाघोरपड पाऊण तास खिडकीतून नुसती बाहेर बघते आणि शेवटी रडते. ते कुणाला कळलं नाही, त्यामुळे तिसऱ्या मजल्यावरचे वकील तो भाग सर्वांत उत्तम मानतात.

भागांबरोबर अंगही बदलत गेलं. ताडपत्रीवर अंड्यांच्या ट्रेचे खवले आले, मग ऑफिसातल्या मोडीत काढलेल्या सोफ्याचं रेक्झीन आलं, मग आतून स्पंज आला. हे सगळं शिवलं हेडक्लार्कांच्या बायकोने, त्याच मशीनवर जिच्यावर ती अख्ख्या गल्लीचे पडदे शिवत होती. शेपूट चार फुटांची होती ती तेराव्या भागात नऊ फुटांची झाली. अंगाची चेन पाठीमागे असल्याने दुसऱ्याने उघडल्याशिवाय बाहेर पडता येत नसे. आठव्या भागाच्या वेळी ती अडकली आणि हेडक्लार्कांना इमारतीच्या वार्षिक सभेला तसंच बसावं लागलं. इतिवृत्तात त्यांची उपस्थिती रीतसर नोंदली आहे.

बाहेरच्या माणसाला हा सगळा पोरखेळ वाटेल. पण ऑफिसात ज्यांचा आवाज समोरच्या टेबलापर्यंत पोचत नसे, आणि बसमध्ये ज्यांच्या पायावर पाय पडला तर तेच माफी मागत, त्या हेडक्लार्कांना वर्षातले पंधरा दिवस डरकाळी फोडायला मिळत होती. त्या पंधरा दिवसांत लोक त्यांच्यापासून पळत. हे सुख कुणाला सांगता येण्यासारखं नव्हतं, म्हणून त्यांनी ते कधी सांगितलं नाही. दुःख मात्र एकच होतं, आणि ते घरातच होतं.

घरात त्यांचे वडील होते. वय वर्षं एक्याऐंशी, निवृत्त मास्तर. दिसेल तो छापील मजकूर मोठ्याने वाचायचा ही त्यांची सवय. औषधाच्या बाटल्या, दुकानांच्या पाट्या, दाराखालून सरकवलेल्या जाहिराती, सगळं ते वर्गाला ऐकू जाईल अशा आवाजात वाचत, आणि जे छापलंय त्यावर त्यांचा पूर्ण विश्वास असे. महाघोरपडीच्या प्रत्येक भागाच्या शेवटी नावं येत. दिग्दर्शक सेक्रेटरी, गादीदैत्य डॉक्टर, असं सगळ्यांचं आपापल्या नावानिशी असे. एका ओळीत मात्र सेक्रेटरी हट्टाने लिहीत, 'महाघोरपड: स्वतः'. आत कोण आहे ते कळलं तर भीती उरत नाही, असं त्यांचं म्हणणं होतं. त्यामुळे सोळा वर्षं दर खेळानंतर बापलेकांत एकच संवाद होई.

"छान होता. पण तू कुठे होतास यात?"

"घोरपड मीच होतो, बाबा."

"ती स्वतः होती. शेवटी लिहून आलं होतं ना. मी वाचलं की."

दोन-तीनदा हेडक्लार्कांनी सेक्रेटरींकडे नावाचा विषय काढला होता, पण तो त्यांनी इतक्या हळू काढला की सेक्रेटरींना तो ऐकूच गेला नाही.

अशात सतरावा भाग आला. या वेळी थाट मोठा होता. गावातल्या सिनेमागृहाच्या मालकांनी रविवार सकाळचा खेळ इमारतीला द्यायचं कबूल केलं होतं. खरा पडदा, खऱ्या खुर्च्या, बाहेर भिंतीवर खरा फलक. आणि त्याच सुमाराला सेक्रेटरींचे जावई आले. जावयांचा धंदा कॉम्प्युटरवर चित्रं हलवण्याचा. त्यांनी लॅपटॉप उघडून सगळ्यांना एक नवी महाघोरपड दाखवली. तिला तीनशे दात होते, प्रत्येक खवल्यावर वेगळं ऊन पडत होतं, आणि ती दारातून जाताना शेपूट अडकून पडत नव्हती. सगळे आ वासून बघत राहिले. हेडक्लार्कांनीही आ वासला, कारण ती खरोखर सुंदर होती.

"आता तुम्हाला त्या रेक्झीनमध्ये उकडायला नको," सेक्रेटरी त्यांच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले. "तुम्हाला मी दुसरं काम दिलंय. घाबरणारा माणूस क्रमांक चार. चेहरा दिसेल तुमचा."

"पण मी घाबरायचं कुणाला?"

"तिला. ती नंतर घालतील कॉम्प्युटरवर. तुम्ही नुसतं भिंतीकडे बघून पळायचं."

हेडक्लार्क भिंतीकडे बघून तीन दिवस पळाले. चौथ्या दिवशी सेक्रेटरींनी त्यांच्याकडे आणखी एक काम सोपवलं, सिनेमागृहातल्या खेळाचा परवाना काढायचं. "सरकारी कामातला माणूस तुम्हीच," असं ते म्हणाले. जखमेवर मीठ चोळताना माणूस किती गोड बोलू शकतो, हे हेडक्लार्कांना त्या दिवशी कळलं.

संध्याकाळी जेवणाच्या टेबलावर त्यांनी फॉर्म पसरला. एकूण एकोणीस रकाने. पहिले तेरा त्यांनी एका दमात भरले. चौदावा होता, 'चित्रपटात प्राण्याचा वापर केला असल्यास त्याची जात व संख्या'. इथे 'निरंक' लिहायचं होतं. चित्रपटात प्राणी नव्हता. कॉम्प्युटरवरचं चित्र होतं आणि त्याला घाबरणारी पाच माणसं होती. हेडक्लार्कांनी पेन टेकवलं आणि त्यांची नजर वर गेली. दोन दिवसांपूर्वीच बायकोने घोरपडीचं अंग घडी घालून माळ्यावर टाकलं होतं, आणि शेपटीचं टोक खाली लोंबत होतं.

'निरंक' म्हणजे नाही. नाही म्हणजे नव्हतीच. सोळा वर्षं टाकीत उतरणं, जिन्यावरून गडगडणं, गादीदैत्याचे रट्टे खाणं, हे सगळं एका शब्दात निकालात. हात पुढे जाईना. बाकी कुणी काही म्हणो, तिला निदान आपल्या हाताने तरी नाही म्हणायचं नाही, असं त्यांनी ठरवलं, आणि सुवाच्य अक्षरात लिहिलं: 'महाघोरपड, एक'.

आता एकदा चौदावा भरला म्हटल्यावर पुढचे दोन मोकळे कसे सोडायचे. पंधरावा, 'प्राणी सध्या कोठे ठेवला आहे'. त्यांनी लिहिलं, 'अर्जदाराच्या घरी, माळ्यावर'. सोळावा, 'प्राण्यास दिले जाणारे खाद्य'. त्यांनी थोडा विचार करून लिहिलं, 'लागत नाही'.

बायको समोर पडद्याची शिवण उसवत बसली होती. तिने चष्म्यावरून बघत विचारलं, "झालं का भरून?"

"झालं."

"मग चेहरा असा का?"

"असाच आहे तो," हेडक्लार्क म्हणाले.

परवाना कार्यालयातल्या खिडकीवरच्या बाईंनी दुसऱ्या दिवशी फॉर्म घेतला, शिक्का मारला आणि पोच दिली. पाच दिवस काही झालं नाही. सहाव्या दिवशी सेक्रेटरींच्या नावाने एक लिफाफा आला आणि त्यांनी तातडीची सभा बोलावली. सभेत नोटीस वाचायला वडिलांनाच सांगितलं, कारण त्यांचा आवाज मोठा.

वडिलांनी खणखणीत वाचलं, "आपल्या ताब्यातील सरपटणारा प्राणी, महाघोरपड, नग एक, माळ्यावर अन्नपाण्याविना डांबून ठेवल्याचे आपल्याच अर्जावरून दिसून येते. सबब, पशुवैद्यकीय तपासणी होऊन प्राणी सुदृढ असल्याचा दाखला सादर होईपर्यंत आपल्या खेळास परवानगी देता येत नाही." मग चष्मा काढून ते म्हणाले, "कुणी केलं हे? मुक्या जनावराला उपाशी ठेवता?"

सगळ्यांच्या नजरा हेडक्लार्कांकडे वळल्या. खेळाला तेरा दिवस उरले होते. फलक रंगून भिंतीवर चढला होता, आमंत्रणं वाटून झाली होती, डॉक्टरांचे व्याही दोन तासांचा प्रवास करून येणार होते.

"एक शब्द लिहायचा होता तुम्हाला," सेक्रेटरी म्हणाले. "एकतीस वर्षं तेच लिहिताय. नेमका आमच्याच वेळी हात आखडला?"

हेडक्लार्कांनी खाली बघितलं. आपण का लिहिलं ते सांगायला तोंड उघडलं असतं तर भलतंच काही बाहेर आलं असतं, म्हणून त्यांनी ते मिटलेलंच ठेवलं.

सल्ल्यांना मात्र तोटा नव्हता. वकिलांनी सुचवलं, घोरपड मेली असं कळवून मोकळं व्हावं. पण मेलेल्या प्राण्याचा शवविच्छेदन अहवाल लागतो, हे त्यांनाच दोन मिनिटांनी आठवलं. मग ती पळून गेली म्हणावं असं डॉक्टरांना वाटलं. पण नऊ फूट शेपटीचा प्राणी मोकाट सुटला म्हटल्यावर अग्निशमन दलच आलं असतं. तळमजल्यावरच्या मावशींचं म्हणणं वेगळं होतं. "तिला आधी काहीतरी खायला घाला," त्या म्हणाल्या. त्या नुकत्याच राहायला आल्या होत्या आणि त्यांनी आधीचा एकही भाग पाहिला नव्हता.

अखेर सेक्रेटरी, जावई आणि हेडक्लार्क असे तिघे खिडकीवर गेले.

"अर्ज मागे घेतो आम्ही," सेक्रेटरी म्हणाले. "नवा भरून देतो."

"अर्ज मागे घेता येईल," बाई म्हणाल्या. "प्राणी मागे घेता येणार नाही. त्याची नोंदवहीत नोंद झालीय."

"अहो, प्राणी नाहीच मुळी. सगळं कॉम्प्युटरवर केलंय."

"मग माळ्यावर कोण आहे?"

सेक्रेटरींनी हेडक्लार्कांचा पाय दाबला. पण सरकारी खिडकीसमोर खोटं बोलणं हेडक्लार्कांच्या रक्तात नव्हतं. "माळ्यावर तीच आहे," ते म्हणाले.

"मग गुरुवारी अकरा वाजता तपासणीला हजर ठेवा," असं म्हणून बाईंनी पुढच्या माणसाला बोलावलं.

परतीच्या वाटेवर सेक्रेटरी त्यांच्याशी एक अक्षर बोलले नाहीत. इमारतीतही लोक जिन्यात त्यांना वाट देऊन भिंतीकडे बघू लागले. करायला गेले काय अन् झालं काय, अशी गत. हेडक्लार्कांना रात्रभर झोप नाही आली, हे सांगायला नकोच. सकाळी त्यांनी बायकोला सगळं खरं सांगितलं, शेपटीच्या टोकासकट. ती ऐकत राहिली आणि मग स्टूल घेऊन माळ्यापाशी गेली.

"बरं केलंत नाही लिहिलं ते," ती वरून म्हणाली. "सोळा वर्षं शिवतेय मी हिला. तुम्ही हिला निरंक लिहिलं असतंत तर मी तुमच्याशी बोलले नसते. घ्या, शेपूट धरा."

गुरुवारी अकराच्या ठोक्याला पशुवैद्य आले. निवृत्तीला आलेले गृहस्थ, हातात बॅग, चार मजले चढून दम लागलेला. लिफ्ट त्या दिवशीही बंद होती. जावयांनी शेवटची खटपट म्हणून लॅपटॉप पुढे केला आणि तीनशे दातांची घोरपड फिरवून दाखवली.

पशुवैद्यांनी ती शांतपणे पाहिली. "छान आहे," ते म्हणाले. "थर्मामीटर कुठे लावू हिला?"

तेवढ्यात आतल्या खोलीचं दार उघडलं आणि महाघोरपड बाहेर आली. पोट थोडं सुटलं होतं, एका खांद्यावर उंदरांनी कुरतडल्याच्या जागी पडद्याचं फुलाफुलांचं ठिगळ होतं, आणि शेपूट अजून खोलीतच होती. पशुवैद्यांनी तिच्याकडे वरपासून खालपर्यंत पाहिलं. आत माणूस आहे हे शेंबड्या पोरालाही कळलं असतं. सेक्रेटरींनी डोळे मिटून घेतले.

"हे बघा," पशुवैद्य बॅगेतून फॉर्म काढत म्हणाले, "मला प्राणी तपासून हा भरून आणायला सांगितलंय. कोरा नेला तर त्या बाई मला परत पाठवणार, आणि हे चार मजले मी पुन्हा चढणार नाही. एकही रकाना मोकळा ठेवणार नाही मी. तेव्हा जे विचारीन त्याचं खरं खरं उत्तर द्या."

रेक्झीनच्या आत हेडक्लार्कांचा ऊर भरून आला. एकतीस वर्षांत त्यांना आपल्या जातीचा माणूस भेटला नव्हता, आणि भेटला तो असा.

पशुवैद्यांनी नाडी पाहिली. वजन केलं. दात मोजले, वरचे अंड्यांच्या ट्रेचे आणि मुखवट्यातून बॅटरी मारून आतले खरे. मग त्यांनी मुखवट्याला कान लावून आणखी चार-सहा प्रश्न विचारले. हेडक्लार्कांनी आतून हळू आवाजात त्यांची खरी उत्तरं दिली, आणि पशुवैद्य मान हलवत लिहीत गेले.

"आता शेवटचा," ते म्हणाले. "आवाज. काढा बघू."

हेडक्लार्कांनी श्वास घेतला. सुरुवात नेहमीसारखीच खोकल्याने झाली. मग त्यांना भिंतीकडे बघून पळणं आठवलं. घाबरणारा माणूस क्रमांक चार आठवला, 'योग्य त्या कार्यवाहीसाठी' आठवलं, बसमधले पाय आठवले, आणि 'तू कुठे होतास यात' आठवलं. आणि मग जी डरकाळी निघाली ती सोळा भागांत कधी निघाली नव्हती. पशुवैद्यांच्या हातातलं पेन पडलं. खाली पार्किंगमध्ये दोन स्कूटर आपोआप कोकलू लागल्या. जावयांनी लॅपटॉप छातीशी धरला. आतल्या खोलीतून वडील काठी टेकत बाहेर आले.

"कोण ओरडलं?"

"तुमचा मुलगा," बायको म्हणाली.

"तो ऑफिसात असेल या वेळी," वडील म्हणाले, आणि घोरपडीला वळसा घालून पाणी प्यायला गेले.

पशुवैद्यांनी पेन उचललं, 'फुप्फुसे उत्तम' असं लिहिलं आणि सही ठोकली.

दाखला आणि परवाना दोन्ही शनिवारी हातात आले. खेळाला आठवडा होता. सेक्रेटरींनी पेढे मिळाल्यासारखा चेहरा करून पाकीट उघडलं आणि खालच्या अटी वाचता वाचता त्यांच्या तोंडचं पाणी पळालं. अटी दोन होत्या. एक, चित्रपटात केवळ तपासणी झालेल्या प्राण्याचाच वापर करावा, अन्य महाघोरपड आढळल्यास परवाना रद्द होईल. दोन, तपासणीचा दाखला चित्रपटाच्या आरंभी प्रेक्षकांना पूर्ण वाचता येईल इतका वेळ पडद्यावर दाखवावा.

सेक्रेटरी खुर्चीत बसले. जावयांनी विचारलं, माझी घोरपड दुसरी म्हणून तपासून घेता येईल का? वकिलांनी त्यांना थर्मामीटरची आठवण करून दिली. मग सेक्रेटरी उठले, चौथ्या मजल्यावर गेले आणि त्यांनी हेडक्लार्कांच्या दाराची घंटा वाजवली.

"सात दिवस आहेत," ते म्हणाले. "तुमच्याशिवाय घोडं पुढे सरकत नाही. काय म्हणता?"

आयुष्यात पहिल्यांदाच 'नाही' म्हणायची अशी सुरेख संधी हेडक्लार्कांपुढे आली होती. त्यांनी ती थोडा वेळ हातात धरून पाहिली. मग ते म्हणाले, "पोट जरा सैल शिवून घ्यावं लागेल. बाकी मी तयार आहे."

पुढचे सात दिवस इमारत दिवसभर घोरपडीच्याच मागे होती. हेडक्लार्कांनी ऑफिसात रजेचा अर्ज दिला. 'कारण' या रकान्यात खरं काय ते लिहिलं, आणि साहेबांनी तो दोनदा वाचून रजा मंजूर केली. बायकोने अंगाला नवे खवले लावले, पण फुलाफुलांचं ठिगळ तसंच ठेवलं, कारण दाखल्यात ओळखखूण म्हणून ते नोंदलं गेलं होतं. जिन्यातल्या पाठलागात शेपूट कठड्यात अडकून घोरपड आणि तिच्यापासून पळणारे वकील असे दोघे एकाच वेळी खाली आले, आणि तोच तुकडा सगळ्यात झकास उतरला. चेन एकदाच अडकली, ती नेमकी साबणाच्या पाण्याच्या दृश्यात, आणि हेडक्लार्क दुपारभर वाळत घातल्यासारखे गच्चीवर बसून राहिले. घाबरणारा माणूस क्रमांक चार आता कुणी उरला नव्हता, म्हणून ते काम सेक्रेटरींनी स्वतः केलं. त्यांना घाबरण्याचा अभिनय करावा लागला नाही.

जावई मोकळे बसले होते, तेव्हा त्यांच्याकडे शेपटीचं टोक आलं. पहिल्या दिवशी खांदे चोळत त्यांनी विचारलं, "एवढी लांब कशाला केली हो हिची शेपूट?"

"तेराव्या भागात गरज होती," सेक्रेटरी गंभीरपणे म्हणाले. दुसऱ्या दिवसापासून जावई स्वतःच सांगू लागले की कुठल्या वळणावर शेपूट आधी जायला हवी. कॉम्प्युटरवर त्यांनी एवढंच केलं की आवाज स्वच्छ करून घेतला. डरकाळीला मात्र हात लावला नाही. हिच्यात काही घालण्यासारखं उरलेलं नाही, असं ते म्हणाले.

रविवारी सकाळी दहा वाजता सिनेमागृह भरलं. पाणीपुरवठा खात्यातली अख्खी शाखा आली होती, साहेबांसकट. डॉक्टरांचे व्याही आले होते. मधल्या रांगेत पशुवैद्य बसले होते आणि त्यांच्या शेजारी, बघा, खिडकीवरच्या बाई. तळमजल्यावरच्या मावशी डबा घेऊन आल्या होत्या. कुणासाठी, ते त्यांनी सांगितलं नाही. हेडक्लार्क साधा शर्ट घालून बायको आणि वडील यांच्या मध्ये बसले. शेवटी काय लिहून येणार ते त्यांना माहीत होतं. सेक्रेटरींनी नावांची पाटी बदलली नव्हती. 'महाघोरपड: स्वतः'. होऊ दे, असं त्यांनी मनाशी म्हटलं. डरकाळी तर आपली आहे.

दिवे मालवले. पडदा उजळला आणि परवान्याच्या अटीप्रमाणे सगळ्यात आधी, दिग्दर्शकाच्या नावाच्याही आधी, दाखला आला. माणसाच्या दुप्पट उंचीची अक्षरं, पशुवैद्यांच्या व्यवस्थित हातातली. वडिलांनी चष्मा नीट केला आणि सवयीप्रमाणे वाचायला सुरुवात केली. अंधारात त्यांचा आवाज शेवटच्या रांगेपर्यंत जात होता.

"प्राण्याची जात, महाघोरपड. संख्या, एक. वय, त्रेपन्न वर्षे. रंग, हिरवा, खांद्यावर फुले. प्रकृती, सुदृढ. फुप्फुसे, उत्तम. स्वभाव, गरीब. व्यवसाय, हेडक्लार्क. प्राण्याचे संपूर्ण नाव..."

इथे ते थांबले. पुढच्या ओळीत पशुवैद्यांनी आधी मुलाचं नाव लिहिलं होतं, मग मधे बापाचं, मग आडनाव. मास्तरांनी ती ओळ एकदा मनातल्या मनात वाचली. पडद्यावर लिहून आलं होतं, तेव्हा शंकेला जागा नव्हती. मग ते काठीवर भार देऊन उभे राहिले आणि जसं ते चाळीस वर्षं रोज सकाळी वर्गात वाचत, तसं एकेक अक्षर सुटं करून त्यांनी ते तिन्ही नावांनिशी वाचलं.

त्रेपन्न वर्षांचे हेडक्लार्क खुर्चीतून उठले, ताठ उभे राहिले, आणि शेवटच्या रांगेलाच काय, बाहेरच्या फलकालाही ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले,

"हजर."

वडिलांनी मान डोलावली. "बस," ते म्हणाले, "आता बघू दे तुझं काम."